धुण्याचा दगड आणि रॉकचे गाणे

शहापूर किंवा मुरबाड तालुक्यात तुमचे घर असेल तर एक गोष्ट तुम्ही नक्की पाहिली असेल. भातसा किंवा काळू नदीच्या काठी तुम्ही उभे आहात. पलीकडच्या काठावर कुणी बाई दगडावर धुणे आपटत आहे. कपडा दगडावर आदळताना दिसतो, पण आवाज येत नाही. हात वर गेला की मग 'धप्' ऐकू येते! जणू काही कपडा हवेवरच आपटला. जवळ गेलात की हा चमत्कार नाहीसा होतो.

याचे कारण तुम्ही शाळेत शिकला आहात. प्रकाश एका सेकंदात सुमारे तीन लाख किलोमीटर जातो, म्हणून दृश्य आपल्याला तत्क्षणी दिसते. ध्वनी मात्र हवेतून सेकंदाला सुमारे ३४० मीटरच जातो. नदी १०० मीटर रुंद असेल तर आवाजाला पोचायला ०.२९ सेकंद लागतात. तेवढ्यात धुणारीचा हात वर गेलेला असतो.

आता तुम्ही म्हणाल, यात नवे ते काय? नवे हे की या पावसेकंदाच्या आसपासच्या उशिरावर एका माणसाची सारी कारागिरी अवलंबून असते. तो माणूस म्हणजे गाण्याच्या चित्रफितीचा दिग्दर्शक. त्यातही रॉक आणि मेटल या नावांनी ओळखल्या जाणाऱ्या, विजेची गिटार आणि मोठमोठे ढोल असलेल्या दणदणीत पाश्चात्त्य संगीताची चित्रफीत काढणारा असेल, तर त्याला हा हिशेब फारच काटेकोर ठेवावा लागतो. तो नेमके काय करतो ते आज पाहू या.

गाणे आधी, चित्र नंतर

दूरदर्शन संचावर किंवा मोबाइलवर गाणे पाहताना आपल्याला वाटते की गायक गात आहे आणि कॅमेरा ते टिपत आहे. बहुतेक वेळा तसे नसते. गाणे आधीच ध्वनिमुद्रणगृहात तयार झालेले असते. चित्रणाच्या वेळी ते ध्वनिवर्धकावरून वाजवतात आणि गायक त्याबरोबर ओठ हलवतो. ढोलवाला ढोल बडवतो, गिटारवाला तारा छेडतो, पण त्या वेळचा आवाज अंतिम चित्रफितीत घेतच नाहीत.

ही युक्ती आपल्या देशाला चांगली परिचयाची आहे. १९३२ साली प्रभात फिल्म कंपनीने 'अयोध्येचा राजा' हा मराठी बोलपट काढला. दिग्दर्शक होते व्ही. शांताराम. गोविंदराव टेंबे आणि दुर्गाबाई खोटे यांना त्यात कॅमेऱ्यासमोर अभिनय करता करताच गावे लागे. वादक कॅमेऱ्याच्या दृष्टीआड बसत. कुणी चुकले की सारे पुन्हा पहिल्यापासून! पुढे १९३५ मध्ये कलकत्त्याच्या न्यू थिएटर्समध्ये नितीन बोस यांनी 'भाग्यचक्र' आणि त्याची हिंदी आवृत्ती 'धूप छाँव' यांत गाणे आधी मुद्रित करून नंतर त्याचे चित्रण केले. यालाच आपण पार्श्वगायन म्हणतो. या पद्धतीमुळे कॅमेरा मोकळा झाला. गायकाला डोंगरावर न्या, होडीत बसवा, पावसात उभे करा. गाण्याला धक्का लागत नाही.

पाश्चात्त्य रॉक संगीतात हाच मार्ग गाजवला तो एका गाण्याने, आणि त्याचा धागा महाराष्ट्राशी जुळतो. पाचगणीच्या निवासी शाळेत शिकलेला फारोख बल्सारा नावाचा पारशी मुलगा पुढे इंग्लंडमध्ये फ्रेडी मर्क्युरी या नावाने 'क्वीन' या वाद्यवृंदाचा गायक झाला. १९७५ साली त्यांचे 'बोहेमियन ऱ्हॅप्सडी' हे जवळजवळ सहा मिनिटांचे गाणे निघाले. त्याच्या मधल्या भागात आवाजांचे इतके थर एकावर एक चढवलेले होते की तो भाग चौघांनी उभे राहून प्रत्यक्ष गाणे शक्यच नव्हते. मग दूरचित्रवाणीवर तो दाखवायचा कसा? ब्रूस गॉवर्स या दिग्दर्शकाने नोव्हेंबर १९७५ मध्ये लंडनजवळच्या एल्स्ट्री येथे सुमारे चार तासांत त्याची चित्रफीत घेतली. एका चेहऱ्याचे अनेक चेहरे दिसावेत म्हणून त्याने कॅमेऱ्यापुढे पैलू पाडलेले भिंग लावले. दुसऱ्या एका ठिकाणी कॅमेऱ्याचे तोंड त्याचेच चित्र दाखवणाऱ्या पडद्याकडे वळवले. दोन आरसे समोरासमोर धरले की प्रतिमांची रांग लागते ना? तसेच चेहऱ्यामागे चेहरा, त्यामागे चेहरा असे दूर जाणारे चित्र तयार झाले. शाळेतला प्रकाशाचा धडाच तो!

पुढे १ ऑगस्ट १९८१ रोजी अमेरिकेत एमटीव्ही ही केवळ गाण्यांची वाहिनी सुरू झाली आणि या कामाचा स्वतंत्र व्यवसाय बनला. मुंबईत १९८४ साली 'रॉक मशीन' हा वाद्यवृंद सुरू झाला. महेश तिनईकर हे त्यातले गिटारवादक. १९९३ मध्ये त्यांनी 'इंडस क्रीड' असे नाव घेतले, आणि त्यांच्या 'प्रिटी चाइल्ड' या गाण्याच्या चित्रफितीला त्याच वर्षी एमटीव्हीचा आशियाई प्रेक्षकांच्या पसंतीचा पुरस्कार मिळाला.

माळरानावरचा हिशेब

आता समजा, तुम्हीच दिग्दर्शक आहात. एका मेटल वाद्यवृंदाची चित्रफीत तुम्हाला काढायची आहे. जागा तुम्ही निवडली आहे मुरबाड तालुक्यातली. मुरबाडहून माळशेज घाटाकडे जाताना टोकावडे मागे पडले की समोर सह्याद्रीची काळी भिंत उभी राहते. तिच्या पायथ्याच्या माळावर वादक उभे आहेत. कॅमेरा आहे १०० मीटर दूर, कारण माणसांमागे सारा डोंगर दिसायला हवा. गाणे वाजवणारा ध्वनिवर्धक तुम्ही कॅमेऱ्याजवळ ठेवला. चित्रण झाले. घरी येऊन पाहता तो काय? गायकाचे ओठ गाण्याच्या मागे मागे चालले आहेत!

चूक कुठे झाली हे आता तुम्हाला कळले असेल. ध्वनिवर्धकापासून गायकापर्यंत गाणे पोचायलाच ०.२९ सेकंद लागले. आपल्याकडच्या दूरचित्रवाणीसाठी कॅमेरा सेकंदाला २५ चित्रे घेतो. अशा एका चित्राला चौकट म्हणू. म्हणजे एक चौकट ०.०४ सेकंदाची. तेवढ्या वेळात ध्वनी किती जातो? ३४० × ०.०४ = १३.६ मीटर. हा आकडा लक्षात ठेवा. ध्वनिवर्धक दर १३.६ मीटर लांब गेला की ओठ एका चौकटीने मागे पडतात. १०० मीटरला सात चौकटींहून अधिक!

शिवाय समोर डोंगर आहे. तो १७० मीटरवर असेल तर ध्वनी तिथे आपटून १ सेकंदाने परत येतो. माहुलीच्या कड्यांसमोर हाक मारली की ती उलटून येते तशीच. वादकांना एकच गाणे दोनदा ऐकू येते आणि कोणत्या ठोक्याबरोबर हात चालवावा हेच कळेनासे होते.

यावर उपाय सोपा आहे. ध्वनिवर्धक लहान घ्यायचा, आवाज बेताचा ठेवायचा आणि तो वादकांच्या अगदी पायाशी, पण कॅमेऱ्याला दिसणार नाही असा ठेवायचा. किंवा प्रत्येकाच्या कानात लहानसे श्रवणयंत्र द्यायचे.

पण एक-दोन चौकटींची चूक राहिली तर बिघडते कुठे? याचे उत्तर मोठे मजेचे आहे. आंतरराष्ट्रीय दूरसंचार संघाने या बाबतीत मर्यादा सुचवल्या आहेत. आवाज चित्राच्या मागे असेल तर सुमारे ०.१२५ सेकंदापर्यंत, म्हणजे तीन चौकटींपर्यंत, प्रेक्षकाच्या ते ध्यानात येत नाही. पण आवाज चित्राच्या पुढे गेला तर ०.०४५ सेकंदातच, म्हणजे जेमतेम एका चौकटीत, त्याला काहीतरी खटकू लागते.

दोन बाजूंना दोन मापे का? नदीकाठच्या त्या बाईकडे पुन्हा पाहा. निसर्गात आवाज नेहमी दृश्याच्या मागून येतो. वीज आधी चमकते, मग गडगडते. लांबच्या शेतात कुऱ्हाड आधी पडते, मग आवाज येतो. आवाज आधी आणि कुऱ्हाड नंतर, असे आपण जन्मात पाहिलेले नसते. म्हणून थोडा उशीर आपला मेंदू चालवून घेतो, घाई मात्र चालवून घेत नाही, असे मानतात. आपल्या चुकलेल्या चित्रणात ओठ मागे होते, म्हणजेच आवाज पुढे होता. नेमकी न खपणारी चूक!

तालाचे गणित

दिग्दर्शकाच्या कामाचा पहिला दिवस कॅमेऱ्याचा नसतो, कागदाचा असतो. तो गाणे पुन्हा पुन्हा ऐकतो आणि ठोके मोजतो. मिनिटाला १५० ठोके असतील तर एक ठोका ०.४ सेकंदाचा, म्हणजे बरोबर १० चौकटींचा. मग चार ठोक्यांचे एक आवर्तन ४० चौकटींचे. दृश्य कुठे बदलायचे याचा नकाशा तो यावरून आखतो. दृश्य ठोक्यावर बदलले तर पाहणाऱ्याला जोर जाणवतो. ठोका सोडून बदलले तर अस्वस्थता वाटते. तीही कधी कधी मुद्दाम हवी असते.

मेटल संगीतात ढोलवादक दोन्ही पायांनी मोठा ढोल वाजवतो. मिनिटाला २०० ठोके आणि प्रत्येक ठोक्यात चार आघात धरा. मिनिटाला ८०० आघात झाले, म्हणजे सेकंदाला १३ हून अधिक. आणि कॅमेऱ्याच्या चौकटी फक्त २५! एका आघाताच्या वाट्याला दोन चौकटीही पुरत्या येत नाहीत. पाय दिसण्याऐवजी नुसती धूसर थरथर दिसते. म्हणून अशा जागी जाणता दिग्दर्शक पाय दाखवीतच बसत नाही. तो ढोलाचे कातडे, त्यावर उडणारे पाण्याचे थेंब किंवा वादकाचा चेहरा दाखवतो.

अमेरिकेतील 'मेटॅलिका' या प्रसिद्ध वाद्यवृंदाने आपली पहिली चित्रफीत १९८९ मध्ये काढली, ती 'वन' या गाण्याची. युद्धात हातपाय, डोळे, कान सारे गमावलेल्या सैनिकाची ही कथा. गाणे संथ सुरू होते आणि शेवटी ढोल मशीनगनसारखे वाजू लागतात. बिल पोप आणि मायकेल सॅलोमन या दिग्दर्शकांनी वादकांची साधी कृष्णधवल दृश्ये आणि १९७१ च्या एका युद्धविरोधी चित्रपटातील प्रसंग एकमेकांत गुंफले. गडबड फक्त ढोलात, चित्रात नेमकेपणा. हेच बिल पोप पुढे १९९९ च्या 'द मॅट्रिक्स' या गाजलेल्या चित्रपटाचे छायालेखक झाले.

गाणे दुप्पट पळवले तर?

तुम्ही असे गाणे पाहिले असेल की ज्यात गायकाचे केस आणि समुद्राच्या लाटा संथपणे हलतात, पण ओठ मात्र गाण्याशी तंतोतंत जुळतात. हे कसे साधते?

चित्रणाच्या वेळी गाणे दुप्पट वेगाने वाजवतात. गायक बिचारा घाईघाईने त्याबरोबर ओठ हलवतो. कॅमेराही सेकंदाला २५ ऐवजी ५० चौकटी घेतो. नंतर या चौकटी नेहमीच्या २५ च्या वेगाने दाखवल्या की सारे निम्म्या वेगाने चालते. ओठांची दुप्पट घाई निम्मी होऊन मूळ गतीवर येते. लाटांनी मात्र घाई केलेलीच नव्हती, म्हणून त्या संथ होतात! इंग्लंडच्या 'कोल्डप्ले' या वाद्यवृंदाचे 'यलो' हे २००० सालचे गाणे समुद्रकिनाऱ्यावर असेच चित्रित केलेले आहे. पूर्वी टेप दुप्पट वेगाने फिरवली की कंपनसंख्याही दुप्पट होई आणि गाणे एक सप्तक वर चढून चिमणीसारखे ऐकू येई. आता संगणकामुळे स्वर न चढवता वेग वाढवता येतो.

दिव्यांची लुकलुक

रात्रीचे चित्रण असेल तर आणखी एक अडचण. आपल्याकडे विजेचा प्रवाह सेकंदाला ५० आवर्तने करतो. प्रत्येक आवर्तनात साधा ट्यूबलाइट दोनदा प्रखर होतो, म्हणजे सेकंदाला १०० वेळा. डोळ्याला ते कळत नाही, कॅमेऱ्याला कळते. कॅमेऱ्याने प्रत्येक चौकट १/५० सेकंद उघडी ठेवली तर तेवढ्यात बरोबर दोन झळाळ्या मावतात आणि सर्व चौकटी सारख्या उजळतात. पण १/६० सेकंद ठेवली तर कधी जास्त, कधी कमी उजेड येतो आणि चित्र लुकलुकते किंवा त्यावर पट्टे सरकतात. अमेरिकेत विजेची आवर्तने ६० असल्यामुळे तिथे १/६० बरोबर ठरते. तिथल्या पुस्तकातला आकडा इथे जसाच्या तसा वापरणारा फसतो. आणि माळावर जनित्र लावले असेल व ते भाराखाली मंदावले, तर आवर्तने ५० चीही राहत नाहीत. म्हणून दिग्दर्शकाबरोबर जनित्राकडे लक्ष ठेवणारा वीजतंत्रीही हवाच.

जबाबदारी कुणाची?

दिग्दर्शक म्हणजे खुर्चीवर बसून हुकूम सोडणारा, अशी काहींची समजूत असते. खरे तर चित्रणाच्या जागी असलेल्या प्रत्येकाचा जीव आणि कान त्याच्या हवाली असतात.

कानाचेच पाहा. ८५ डेसिबलचा आवाज दिवसात ८ तास ऐकणे ही सुरक्षिततेची मर्यादा मानली जाते. त्यापुढे दर ३ डेसिबलला ध्वनीची ऊर्जा दुप्पट होते आणि सुरक्षित वेळ निम्मी. हिशेब करा: ८८ ला ४ तास, ९१ ला २, ९४ ला १, ९७ ला अर्धा तास आणि १०० डेसिबलला केवळ १५ मिनिटे! मोठ्या ध्वनिवर्धकांजवळ १०० डेसिबल सहज ओलांडले जातात, मग ते रॉकचे असोत की मिरवणुकीचे. चार मिनिटांचे गाणे, पाच वादक, प्रत्येकाची तीन बाजूंनी दृश्ये. म्हणजे गाणे १५ वेळा वाजणार, पूर्ण एक तास. पायाशी ठेवलेला लहान ध्वनिवर्धक ओठांची चूक टाळतो आणि कानही वाचवतो. आतल्या कानातील ध्वनी टिपणाऱ्या नाजूक पेशी एकदा मेल्या की माणसात पुन्हा उगवत नाहीत.

तसेच पावसाचे. माळशेजचे धबधबे चित्रात फार सुंदर दिसतात. पण पावसाळ्यात त्या घाटात दरडी कोसळतात, आणि ओल्या जमिनीवर विजेच्या तारा पसरणे म्हणजे मृत्यूला बोलावणे. वनखात्याच्या जमिनीवर परवानगीही लागते. सारी तयारी झालेली असताना 'आज चित्रण नाही' असे सांगणे कठीण असते. पैसे बुडतात, माणसे चिडतात. पण ते सांगता येणे हाही या व्यवसायाचाच भाग आहे.

हे काम करायचे असेल तर

या व्यवसायात बांधलेला मासिक पगार क्वचितच मिळतो. काम मिळाले तर मोबदला, आणि सुरुवातीला बहुधा दुसऱ्याचा मदतनीस म्हणून. पण वाट बंद नाही. पुण्यात १९६० साली, प्रभात कंपनीच्याच जागेवर, सरकारने चित्रपटाचे शिक्षण देणारी संस्था सुरू केली. आज ती फिल्म अँड टेलिव्हिजन इन्स्टिट्यूट ऑफ इंडिया म्हणून ओळखली जाते. तिथल्या दिग्दर्शन, छायालेखन, ध्वनी, संकलन अशा मुख्य अभ्यासक्रमांना पदवीनंतर प्रवेशपरीक्षा देऊन जाता येते. मुंबईच्या सर ज. जी. उपयोजित कला महाविद्यालयात चित्राची मांडणी शिकता येते. आसनगावहून लोकलने किंवा मुरबाडहून एस. टी.ने कल्याण गाठून मुंबईला जाणाऱ्यांना ही ठिकाणे काही परदेशात नाहीत.

आणि शाळेत असतानाच सुरुवात करायची असेल तर तालाकडे लक्ष द्या. वारली पाड्यावर तारपा वाजू लागला की तारपेवाला सूर बदलतो आणि साऱ्या साखळीची पावले बदलतात. पावले कोणत्या ठोक्याला बदलली, किती ठोक्यांनी पुन्हा बदलली, हे मोजून वहीत लिहा. गाण्याचा नकाशा आखण्याचा तो पहिला धडा होईल.

करून पाहा

साहित्य: एक मोबाइल, स्टीलची थाळी, पळी, मोजपट्टी किंवा दोरी.

शाळेच्या मैदानावर १०० मीटर अंतर मोजा. एका टोकाला मित्राला थाळी घेऊन उभे करा. दुसऱ्या टोकाहून तुम्ही मोबाइलवर त्याचे चित्रण करा. त्याने हात उंच उचलून थाळीवर जोराने पळी मारावी. नंतर संकलनाच्या एखाद्या साध्या प्रणालीत ही फीत उघडून एक एक चौकट पुढे सरकवा. पळी थाळीला लागली ती चौकट आणि आवाज सुरू झाला ती चौकट, यांतील फरक मोजा. मोबाइल बहुधा सेकंदाला ३० चौकटी घेतो. फरक ९ चौकटींचा आला तर वेळ ९ ÷ ३० = ०.३ सेकंद, आणि ध्वनीचा वेग १०० ÷ ०.३ = ३३३ मीटर.

आता मोजण्यात एका चौकटीची चूक झाली असे धरा. ८ चौकटींना वेग ३७५ येतो, १० ला ३००. फरक बराच मोठा! मग अंतर २०० मीटर करा. १७ चौकटींना ३५३ आणि १८ ला ३३३. चूक तेवढीच, पण तिचा परिणाम किती कमी झाला ते पाहा. असे का, हे शिक्षकांना विचारण्याआधी स्वतः विचार करून लिहून काढा.

हाच प्रयोग पहाटे थंडीत आणि मे महिन्यात भर दुपारी करा. हवेचे तापमान दर अंशाने वाढले की ध्वनीचा वेग सेकंदाला सुमारे ०.६ मीटरने वाढतो. १५ अंशांना ३४० असणारा वेग ३५ अंशांना ३५२ होतो. तुमच्या मोबाइलच्या चौकटींना हा फरक दिसेल का? किती अंतरावर उभे राहिलात तर दिसेल? गणित मांडा आणि मग मैदानावर जा.